चेंडू आधी सांगतो: फ्लायशर बंधूंच्या गाण्याच्या कार्टूनपटांचं प्रकरण (१९२४ ते १९२९)

न्यूयॉर्कमधल्या एका छोट्या कार्टून स्टुडिओने प्रेक्षकांना एका तालात गायला लावलं, त्याच फिल्मला आवाजही जोडला, आणि तरी बोलपट आले तेव्हा त्याला दुसऱ्यांच्या मागून चालावं लागलं. हे प्रकरण त्या स्टुडिओचं आहे. ज्यांची नावं चित्रपटाच्या इतिहासात नोंदलेली आहेत ती तशीच ठेवली आहेत. पडद्याखालचा पियानोवाला, प्रोजेक्टरचा ऑपरेटर, चेंडूची काठी धरणारा माणूस यांची ओळख मात्र त्यांच्या कामावरूनच येईल. थिएटरातल्या सवयींबद्दल जे लिहिलं आहे ते कुणा एका थिएटरचं नसून त्या काळच्या रिवाजाचं आहे.

मी डबिंगच्या कामात आहे. पडद्यावरचे ओठ आणि माइकसमोरचा शब्द जुळवण्यात माझा दिवस जातो. दोन-तीन फ्रेम, म्हणजे फिल्मवरची एकेक चित्रं, इकडेतिकडे झाल्या की कुठे चुकलं हे सांगता येत नाही, पण काहीतरी खटकतं. हे सगळं १९२४ साली, आजच्यातलं एकही साधन हाताशी नसताना कसं केलं असेल, या कुतूहलापोटी मी या प्रकरणात शिरलो आणि त्यातल्या एका गोष्टीपाशी थांबलो. ती गोष्ट म्हणजे अक्षरांवरून उड्या मारणारा पांढरा चेंडू.

पार्श्वभूमी

प्रेक्षकांनी थिएटरात गायचं ही कल्पना कार्टूनपेक्षा जुनी आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेतल्या पाच सेंटांच्या छोट्या थिएटरांत रीळ बदलताना काचेच्या रंगीत स्लाइड दाखवत. एक गायक गाण्याची कडवी म्हणे, स्लाइडवर त्या प्रसंगाची चित्रं येत, आणि शेवटी ध्रुवपदाचे शब्द पडद्यावर आले की सगळं थिएटर गाऊ लागे. त्यामागे गाण्यांच्या प्रकाशकांचा धंदा होता. घरोघरी पियानो असण्याचा तो काळ. लोक गाणं गुणगुणत बाहेर पडले की दुसऱ्या दिवशी त्याची छापील स्वरलिपी खपत असे.

मॅक्स फ्लायशर आणि त्यांचे धाकटे भाऊ डेव्ह यांचं काम वेगळ्या वाटेने चाललं होतं. मॅक्सना यंत्रांचा नाद. खऱ्या माणसाचं चित्रण करायचं, त्याची एकेक फ्रेम काचेवर पाडायची आणि त्यावरून रेषा गिरवत चित्र चालतं करायचं, अशी रोटोस्कोप नावाची युक्ती त्यांनी काढली. १९१५ साली अर्ज केलेलं तिचं पेटंट १९१७ मध्ये मिळालं. विदूषकाचा पोशाख घातलेल्या डेव्हवरून को-को जन्मला. दौतीतून बाहेर पडून चित्रकाराला सतावणाऱ्या या विदूषकाने त्यांचं नाव केलं, आणि १९२१ मध्ये भावांनी स्वतःचा स्टुडिओ थाटला.

या कथेत आणखी दोघे आहेत. ह्यूगो रीझेनफेल्ड हे संगीतकार आणि वाद्यवृंदाचे संचालक. न्यूयॉर्कमधल्या ब्रॉडवे रस्त्यावरच्या रिव्होली, रिआल्टो आणि क्रायटेरियन या मोठ्या थिएटरांचा कारभार त्यांच्याकडे होता. ली डी फॉरेस्ट हे संशोधक. रेडिओला आणि पुढे ध्वनिवर्धकाला आधार ठरलेली ऑडिऑन नळी त्यांच्या नावावर आहे. १५ एप्रिल १९२३ रोजी याच रिव्होलीमध्ये डी फॉरेस्ट यांनी फोनोफिल्म लोकांसमोर आणली. तिच्यात आवाज वेगळ्या तबकडीवर नसे. फिल्मच्या कडेला, चित्राच्या शेजारी, कमीजास्त काळ्या होत जाणाऱ्या रेषांच्या रूपात तो छापलेला असे. त्या पट्टीतून प्रकाश जाई, पलीकडचा प्रकाशसंवेदी घट त्याची वीज करी आणि त्या विजेचा आवाज होई. फिल्म तुटून जोडली तरी आवाज आणि चित्र बरोबरच राहत, ही त्यातली मोठी सोय. आवाज टिपणाऱ्या दिव्याचं महत्त्वाचं काम मात्र थिओडोर केस यांचं होतं, आणि त्यावरून पुढे दोघांचं फाटलं.

फ्लायशर, रीझेनफेल्ड आणि डी फॉरेस्ट ही माणसं रेड सील पिक्चर्स या वितरण कंपनीत एकत्र आली. १९२४ पासून त्यांनी ‘साँग कार-ट्यून्स’ ही मालिका सुरू केली. नावातच कार्टून आणि ट्यून यांची सांधेजोड आहे. लोकांच्या तोंडी असलेली जुनी-नवी गाणी, तीनेक मिनिटांच्या आसपासचा लघुपट, पडद्यावर शब्द, आणि शब्दांवर चेंडू.

अडचण नेमकी कुठे होती

चारशे माणसं एकत्र गायला लागली की काय होतं हे ज्याने गणपतीची आरती म्हटली आहे त्याला वेगळं सांगायला नको. पुढचे ‘जय देव जय देव’ला पोहोचलेले असतात, मागचे अजून आधीच्या ओळीत असतात, आणि लांबवलेल्या शब्दावर प्रत्येकाचा श्वास वेगळ्या जागी सुटतो. आरतीत टाळ सगळ्यांना सांभाळून नेतात. थिएटरात स्लाइडवर आख्खं ध्रुवपद एकदम दिसे, पण त्यातलं कुठलं अक्षर आत्ता म्हणायचं आहे हे स्लाइड सांगत नसे. चाल पाठ असलेला सुटे आणि नसलेला गप्प बसे.

दुसरी अडचण यंत्राची. मूकपटाच्या काळात फिल्मला ठरलेला वेग नव्हता. कॅमेरा हाताने फिरवला जाई आणि तो सेकंदाला साधारण सोळा फ्रेमच्या आसपास असे. प्रोजेक्टरचा वेग मात्र ऑपरेटरच्या हाती. शनिवारच्या रात्री एक खेळ जास्त बसवायचा असला की मालक वेग वाढवायला सांगे. पळापळीच्या विनोदी चित्रात त्याने काही बिघडत नाही, उलट गंमत वाढते. गाण्यात मात्र घोटाळा होतो. मिनिटाला ऐंशी ठोक्यांच्या लयीचं गाणं सेकंदाला सोळा फ्रेमनी टिपलं तर एका ठोक्याला बारा फ्रेम येतात. तीच फिल्म सेकंदाला वीस फ्रेमनी सोडली की ते गाणं मिनिटाला शंभर ठोक्यांवर जातं. निवांत अंगाई कवायतीच्या चालीवर येते.

म्हणजे तीन घड्याळं होती आणि तिन्ही आपापल्या वेगाने चालत होती: यंत्राचं, पडद्याखाली बसलेल्या वादकाचं आणि खुर्च्यांतल्या माणसांचं. सिंक, म्हणजे चित्र आणि आवाज जुळणं, या शब्दाला आपण हल्ली यांत्रिक अर्थ देतो. इथे प्रश्न या तिघांना एका ठोक्यावर आणायचा होता.

चेंडू कसा घडला

हा चेंडू चितारलेला नव्हता, निदान सुरुवातीच्या ओळींवर तरी नाही. गाण्याच्या ओळी एका गोल फिरत्या पिंपावर लिहिलेल्या असत, आणि एका वेळी एकच ओळ कॅमेऱ्यासमोर येई. काळा हातमोजा किंवा काळे कपडे घातलेला एक माणूस टोकाला पांढरी गोळी असलेली काठी धरून ती गोळी अक्षरांच्या डोक्यावरून नाचवी. फिल्म इतक्या कडक काळ्या-पांढऱ्यात धुतली जाई की माणूस आणि काठी काळोखात जिरून जात आणि उरत फक्त पांढरे शब्द आणि पांढरा चेंडू. गाणं चालू ठेवून, हाताने, खऱ्या लयीत हे चित्रण होई. लांबवलेल्या अक्षरावर चेंडू रेंगाळे, आणि तोकड्या अक्षरांवर टुणटुण पुढे जाई.

कडवं दुसऱ्यांदा आलं की हातातली काठी बाजूला राही आणि कार्टून सुरू होई. चेंडूच्या जागी को-को किंवा एखादं चित्र येऊन शब्दांवरून उड्या मारी, शब्दातली वस्तू शब्दातूनच बाहेर पडे. तोवर प्रेक्षकांना चाल सापडलेली असल्यामुळे डोळा गमतीकडे गेला तरी गाणं तुटत नसे. हा क्रम फार समजून लावलेला आहे. आधी शिकवणी, मग मौज.

यातली जी गोष्ट मला सगळ्यात मोलाची वाटते ती चेंडूच्या उडीत आहे. ठोक्याच्या क्षणी नुसता दिवा चमकला तर तो दिसेपर्यंत ठोका होऊन गेलेला असतो, आणि माणूस कायम एक पाऊल मागे राहतो. चेंडू मात्र आधी वर जातो, वर क्षणभर हलका होतो आणि मग खाली येतो. तो कधी टेकणार हे टेकण्याआधीच डोळ्याला कळतं, आणि तेवढ्या वेळात गळा तयार होतो. वाद्यवृंदाचा संचालक काठी आधी वर उचलतो ती याचसाठी. टाळकऱ्याचे हात फाकतात तेव्हाच आपल्याला पुढच्या ठोक्याची जागा कळते. चेंडू नुसता ठोका दाखवत नव्हता, येणाऱ्या ठोक्याची वर्दी देत होता.

यंत्राच्या लहरीवरचा उतारही याच चेंडूत सापडला. ऑपरेटरने वेग वाढवला की चेंडू भराभर नाचे, पियानोवाला चेंडू बघून वाजवे, लोक चेंडू बघून गात. वेग कुठलाही असो, तिघे एकत्र राहत. मालिकेच्या अगदी सुरुवातीच्या एका लघुपटाला थिएटरात एवढी दाद मिळाली की रीळ गुंडाळून तोच पुन्हा लावावा लागला, असं फ्लायशर घराण्यात सांगितलं जातं.

समोरचे पर्याय

आता आवाजाचं काय करायचं, हा पहिला मोठा निर्णयाचा क्षण. त्या घडीला वाटा तीन होत्या.

पहिली वाट जैसे थे. थिएटरातला वादक आहे, चेंडू आहे, लोक गातायत. आणखी काय हवं? खर्च शून्य आणि धोका शून्य. पण गावोगावच्या थिएटरांतल्या वादकांचा दर्जा सारखा नव्हता. मोठ्या शहरात पूर्ण वाद्यवृंद, छोट्या गावात एकटा पियानो आणि तोही सुटलेल्या सुरांचा.

दुसरी वाट तबकडीची किंवा सिलिंडरची, म्हणजे प्रोजेक्टरला फोनोग्राफ जोडायचा. एडिसन यांच्या कंपनीने १९१३ मध्ये हा प्रयोग मोठ्या थाटात केला होता आणि तो थोड्याच काळात गुंडाळला गेला. पडद्यामागचा फोनोग्राफ आणि मागच्या खोलीतला प्रोजेक्टर यांना जोडणाऱ्या दोऱ्या-कप्प्यांवर सगळं अवलंबून होतं, आणि फिल्म तुटली की पुढचा आवाज चुकलाच. थिएटरवाल्यांना ती आठवण ताजी होती.

तिसरी वाट फिल्मवरच आवाज छापण्याची, आणि तो करणारा माणूस तर भागीदारच होता.

फ्लायशरांनी तिसरी घेतली, पण पहिली सोडली नाही. मालिकेतले डझनाहून अधिक लघुपट फोनोफिल्मच्या आवाजासह निघाले आणि बाकीचे आवाजाविना. चित्राची रचना अशी होती की आवाज असला तरी चाले, नसला तरी चाले. ज्या थिएटरात फोनोफिल्मचं यंत्र होतं तिथे वाद्यवृंद फिल्ममधून वाजे, जिथे नव्हतं तिथे पडद्याखालून.

धंद्याच्या हिशेबाने हा निर्णय मला शहाणपणाचा वाटतो. यंत्र बसवलेली थिएटरं हातावर मोजण्यासारखी होती. फक्त त्यांच्यासाठी लघुपट काढले असते तर स्टुडिओ वर्षभरात बुडाला असता. पण याच शहाणपणाची एक किंमत होती. आवाज असो-नसो चालणाऱ्या फिल्ममध्ये आवाज हा वरखर्चाचा दागिना होऊन राहतो. त्याच्यावाचून गोष्ट अडेल अशी रचना करण्याची गरजच पडत नाही.

कुत्र्याच्या तोंडचं वाक्य

याला एक अपवाद झाला, आणि तो इतिहासात राहिला. १९२६ मध्ये ‘माय ओल्ड केंटकी होम’ या लघुपटात एक कुत्रा पडद्यावर येतो आणि प्रेक्षकांकडे बघून म्हणतो की चेंडूच्या मागे या आणि सगळे मिळून गा. त्याचे ओठ शब्दांबरोबर हलतात. वाक्य छोटं आहे, पण चितारलेल्या पात्राने ओठ जुळवून माणसासारखं बोलण्याची ही अगदी सुरुवातीची खटपट आहे.

माझ्या कामामुळे मी हा तुकडा फ्रेम थांबवत थांबवत पाहिला. ओठ सावकाश, जरा जास्तच मोठे उघडतात. काढणाऱ्याला प्रत्येक अक्षराचा आकार दाखवायचा आहे. आजच्या मापाने ते ढोबळ आहे. पण कुणी आधी न केलेली गोष्ट करणारा हात त्यात दिसतो.

हा दुसरा निर्णयाचा क्षण होता. हातात बोलणारं पात्र आलं होतं. त्याला आमंत्रणाच्या वाक्यापुरतं ठेवायचं, की को-कोच्या नेहमीच्या विनोदी लघुपटांत बोलायला, आपटायला, शिंकायला लावायचं? पहिलंच झालं. आवाज गाण्याच्या मालिकेत राहिला, को-कोची मुख्य मालिका मूकच राहिली. १९२६ मध्ये बसून विचार केला तर दुसरं काही करणं अवघड होतं, कारण ती मालिका जिथे जिथे जात होती तिथे आवाजाची सोय नव्हती. तरीही सगळ्या प्रकरणाची कळ मला इथेच दिसते.

कोसळणं

१९२५ मध्ये केस यांनी डी फॉरेस्टशी संबंध तोडले आणि आपलं तंत्र घेऊन ते पुढे फॉक्स कंपनीकडे गेले. तिथून मूव्हीटोन ही फिल्मवर आवाज छापणारी यंत्रणा उभी राहिली. मोठ्या स्टुडिओंनी फोनोफिल्मला दारात उभं केलं नाही. तिच्या ध्वनिवर्धकांत आणि भोंग्यांत मोठं थिएटर भरण्याइतका कस नव्हता. सप्टेंबर १९२६ मध्ये डी फॉरेस्ट यांच्या कंपनीने दिवाळखोरी जाहीर केली.

त्याच सुमारास रेड सीलही अडचणीत आली. लघुपटांची संख्या झपाट्याने वाढवली होती, पैसा आधी घालायचा आणि वसुली नंतर, आणि वितरणाचं जाळं मोठ्या कंपन्यांच्या तुलनेत तोकडं. आल्फ्रेड वाइस नावाच्या वितरकाने कारभार ताब्यात घेतला, पॅरामाउंट या मोठ्या चित्रपट कंपनीशी करार झाला, आणि को-कोच्या मालिकेचं नावही १९२७ मध्ये बदललं. भाऊ आपल्याच स्टुडिओत नोकरदार झाल्यासारखे झाले. गाण्याच्या लघुपटांची मालिका थांबली.

आता तारखा शेजारी शेजारी ठेवून पाहा. ६ ऑगस्ट १९२६ रोजी वॉर्नर बंधूंनी व्हायटाफोनचा तबकडीवरचा आवाज घेऊन पहिला मोठा कार्यक्रम केला. ६ ऑक्टोबर १९२७ रोजी ‘द जॅझ सिंगर’ हा गाजलेला बोलपट लागला. मे १९२८ मध्ये मोठ्या स्टुडिओंनी वेस्टर्न इलेक्ट्रिकच्या आवाजाच्या यंत्रणेसाठी करार केले आणि त्यानंतर थिएटरांत तारा ओढण्याचं काम झपाट्याने वाढलं. आवाजाचं कार्टून ज्यांच्या हातात होतं त्यांची कंपनी ज्या महिन्यांत बसली, नेमक्या त्याच महिन्यांत आवाजाचा बाजार उठत होता.

सप्टेंबर १९२८: चेंडू दुसऱ्याच्या हातात

वॉल्ट डिस्ने यांची गोष्ट सगळ्यांना माहीत असल्यामुळे इथे फक्त आपल्या चेंडूपुरती सांगतो. ‘स्टीमबोट विली’ हा त्यांचा मिकी माउसचा लघुपट आधी चितारला गेला आणि संगीत नंतर भरायचं होतं, पण चितारतानाच प्रत्येक हालचाल ठोक्यांत मोजली होती. विल्फ्रेड जॅक्सन या तरुण सहकाऱ्याने मेट्रोनोम हे ठरलेल्या लयीत ठोके देणारं यंत्र घेऊन ठोका आणि फ्रेम यांचं गणित मांडलं. सेकंदाला २४ फ्रेम हा वेग आवाजामुळे आता पक्का झाला होता, म्हणजे मिनिटाला ३५ मिलिमीटरची ९० फूट फिल्म. मिनिटाला १२० ठोके म्हणजे ठोक्याला बरोबर बारा फ्रेम. ऑपरेटरची लहर संपली होती.

१५ सप्टेंबर १९२८ रोजी न्यूयॉर्कमध्ये ध्वनिमुद्रण झालं आणि ते फसलं. अनुभवी संचालक आणि मोठा वाद्यवृंद होता, पण चित्राच्या ठोक्याशी वादन जुळेना. मूकपटांना साथ करण्यात मुरलेल्या संगीतकाराला प्रसंगाच्या भावाप्रमाणे लय ओढण्या-सोडण्याची सवय असते. बारा फ्रेमच्या शिस्तीत त्याने का राहावं? पैसे संपले. डिस्ने यांनी आपली मोटार विकून दुसऱ्या ध्वनिमुद्रणाची सोय केली, आणि या वेळी फिल्मवर ठोक्याबरोबर उसळणारा चेंडू छापून घेतला. संचालकाने चेंडूकडे बघून वाजवायचं. सप्टेंबर सरता सरता ते जमलं, आणि १८ नोव्हेंबर १९२८ रोजी ब्रॉडवेवरच्या कॉलनी थिएटरात चित्र लागलं.

काही वर्षं चारशे-पाचशे हौशी गळ्यांना ज्या युक्तीने एकत्र ठेवलं, त्याच युक्तीने एका कसलेल्या वाद्यवृंदाला ठोक्यावर आणलं. त्या खोलीत कुणाला फ्लायशरांची आठवण झाली की नाही, हा मुद्दा नाही. अडचण एकच होती आणि तिचं उत्तरही एकच निघालं: यंत्राचा ठोका माणसाला ऐकवून भागत नाही, तो येताना दिसावा लागतो.

फरक मात्र एक होता आणि तो निर्णायक होता. स्टीमबोट विलीमध्ये आवाज काढून घेतला तर चित्र पोरकं होतं. भांडी, बकरी, गाईचे दात, सगळ्यांतून वाजतं. विनोद वाजण्यातच आहे. साँग कार-ट्यूनमधून छापलेला आवाज काढून घेतला तर पडद्याखालचा पियानो जागा भरून काढतो. प्रेक्षकाला ‘चित्र बोललं’ हा धक्का पहिल्यात बसला.

परतीची वाट

१९२९ च्या सुरुवातीला फ्लायशर बंधू वाइसपासून वेगळे झाले. लाँग आयलंड सिटीत दुसऱ्याच्या प्रयोगशाळेत जागा घेऊन त्यांनी काम सुरू केलं आणि फ्लायशर स्टुडिओज या नावाने ते पुन्हा उभे राहिले. पॅरामाउंटसाठी त्यांनी पहिल्यांदा काय काढलं? को-को बाजूला ठेवला आणि चेंडू पुन्हा उचलला. ‘स्क्रीन साँग्स’ या मालिकेचा पहिला लघुपट फेब्रुवारी १९२९ मध्ये लागला, स्टीमबोट विलीनंतर तीन महिन्यांच्या आत. बाकीचे स्टुडिओ आवाजाशी चाचपडत असताना यांना गाणं, शब्द आणि चित्र कसं बसवायचं ते ठाऊक होतं. ही मालिका १९३८ पर्यंत चालली. रूडी व्हॅली, मिल्स ब्रदर्स, एथेल मर्मन असे नावाजलेले गायक प्रत्यक्ष पडद्यावर येऊन ध्रुवपद धरत आणि चेंडू प्रेक्षकांना आत ओढी.

म्हणजे निकाल निव्वळ हारीचा नाही. पहिलेपणाचा मान गेला, पण हातातली विद्या गेली नाही, आणि त्या विद्येवर पुढच्या दशकात स्टुडिओ उभा राहिला.

वेगळं काय करता आलं असतं

डी फॉरेस्ट यांच्यावर सगळी भिस्त ठेवणं चुकलं असं सरसकट म्हटलं जातं. मला ते पटत नाही. १९२४ मध्ये फिल्मवर आवाज छापून देणारं, दाराशी असलेलं आणि भागीदारीला तयार दुसरं कोण होतं? वेस्टर्न इलेक्ट्रिकची यंत्रणा बाजारात यायला अजून दोन वर्षं होती. थिओडोर केस निघून गेल्यानंतर मात्र, म्हणजे १९२५ च्या शेवटी, थांबून हिशेब करायला हवा होता. ज्याच्या दिव्यावर आवाज टिपला जातो तोच गेला, तर उरलेल्या यंत्रणेचं पुढे काय होणार, हा प्रश्न तेव्हा विचारण्यासारखा होता. त्या वेळी निदान एखाद्या दुसऱ्या यंत्रणेशी बोलणी करून ठेवता आली असती.

रेड सीलचा विस्तार ही त्याहून मोठी चूक. ज्याची ताकद कल्पनेत आणि कारागिरीत आहे त्याने वितरणाचा डोलारा स्वतःच्या खांद्यावर घेतला आणि त्याला पोसण्यासाठी लघुपटांचा रतीब घालावा लागला. रीझेनफेल्ड यांच्याकडे ब्रॉडवेची तीन मोठी थिएटरं होती. त्या तीन ठिकाणीच आवाजाची जोडणी मजबूत करून, थोडे पण आवाजावाचून अडणारे लघुपट काढून, लोकांना रांगा लावायला लावता आलं असतं. वॉर्नर बंधूंनी पुढे तेच केलं: आधी एक थिएटर, एक कार्यक्रम, एक गाजावाजा.

आणि तो कुत्रा. त्याच्या एका वाक्यानंतर पुढच्या लघुपटात त्याला दोन वाक्यं द्यायला हवी होती. मग को-कोला. त्यासाठी सगळ्या थिएटरांत यंत्र असण्याची वाट बघावी लागत नव्हती. जिथे यंत्र होतं तिथे दाखवायला एक बोलका को-को पुरला असता. दुहेरी चालणारी फिल्म काढताना वर्षातून दोन-तीन फिल्म तरी अशा काढायच्या की ज्या आवाजाविना चालणारच नाहीत, हा धोका पत्करण्यासारखा होता. डबिंगच्या खोलीत मी याच वाक्यापाशी पुन्हा पुन्हा येतो.

एक गोष्ट मात्र करायलाच हवी होती आणि ती साध्या कागदपत्रांची होती: आपल्या फिल्मचे हक्क आपल्याकडे राहतील असं पाहणं. वेगळं झाल्यावर वाइस यांनी जुने साँग कार-ट्यून्स १९२९ नंतरच्या काळात नवा आवाज जोडून पुन्हा बाजारात आणले, आणि त्याला मॅक्स यांची संमती नव्हती. त्यामुळे आज पाहायला मिळणाऱ्या काही प्रतींवर चित्र १९२४-२६ चं आणि आवाज नंतरचा, असा प्रकार आहे. कुठलं कार्टून आधी बोललं यावरचे वाद वाढले ते काही अंशी यामुळेच. फोनोफिल्मचा तो मूळचा, किंचित खरखरणारा वाद्यवृंद त्या प्रतींवर नाही. चेंडू मात्र तोच आहे, काळ्या हातमोज्यातल्या हाताने गाणं चालू असताना नाचवलेला, आणि लांबवलेल्या अक्षरावर तो अजून तसाच रेंगाळतो.